विश्लेषण : समुद्रातला शार्क नदीत कसा जगतो? आणि धोका नेमका कोणाला?

जानेवारी २०२४च्या अखेरीस ऑस्ट्रेलियात सिडनीच्या बंदरात पोहणाऱ्या एका महिलेला शार्कने चावा घेतला. त्यानंतर जेमतेम दोन आठवड्यांत पालघर जिल्ह्यातील मनोर परिसरात वैतरणेच्या पात्रात उतरलेल्या एका तरुणाच्या पायाला शार्कच्या हल्ल्यात गंभीर दुखापत झाली. दोन्ही घटनांत संशय एकाच माशावर होता, तो म्हणजे बुल शार्क. सिडनीचे बंदर निदान समुद्राला लागून आहे. मनोर मात्र मुंबई-अहमदाबाद महामार्गावरचे, किनाऱ्यापासून बरेच आत असलेले गाव. त्यामुळे ‘नदीत शार्क आलाच कसा’ हा प्रश्न तेव्हा सगळीकडे विचारला गेला. त्याचे उत्तर विज्ञानाकडे आहे. पण त्या उत्तरातून पुढे आणखी एक प्रश्न निघतो. खाडीच्या तोंडाशी माणूस आणि शार्क समोरासमोर येतात, तेव्हा जास्त धोका कोणाला असतो?

वैतरणेत काय घडले होते?

फेब्रुवारी २०२४ मध्ये मनोरजवळ हा हल्ला झाला. पाण्यात फिरणाऱ्या शार्कच्या चित्रफिती काही तासांत मोबाइलवर फिरू लागल्या. जखमी तरुणाला रुग्णालयात हलवण्यात आले. पुढे तो मासाही मृतावस्थेत आढळल्याच्या बातम्या आल्या. वैतरणा या भागात नदी म्हणून ओळखली जात असली, तरी भरतीचे पाणी तिच्या पात्रात बरेच आत शिरते. म्हणजे इथले पाणी पूर्ण गोडे नाही आणि पूर्ण खारेही नाही. भरती-ओहोटी आणि पावसाप्रमाणे त्याचा खारेपणा बदलत राहतो. बहुतेक शार्कना असा बदल झेपत नाही. बुल शार्कला तो झेपतो.

इतर शार्कना गोडे पाणी का सोसत नाही?

स्वयंपाकघरातले दोन अनुभव इथे उपयोगी पडतात. कापलेल्या काकडीला मीठ लावले की तिला पाणी सुटते. मनुका साध्या पाण्यात टाकल्या की फुगतात. पातळ त्वचेच्या दोन बाजूंना क्षारांचे प्रमाण वेगळे असेल, तर पाणी कमी क्षारांकडून जास्त क्षारांकडे जाते. माशाच्या कल्ल्यांमध्ये हीच क्रिया अखंड सुरू असते.

समुद्राचे पाणी खूप खारट असल्याने तिथल्या सर्वसाधारण माशांच्या शरीरातले पाणी सतत बाहेर जाते. म्हणून ते समुद्राचे पाणी पितात आणि जादा मीठ बाहेर टाकतात. शार्कची पद्धत वेगळी आहे. इतर प्राणी जो युरिया मूत्रावाटे टाकून देतात, तो शार्क रक्तात साठवून ठेवतात. त्यामुळे त्यांच्या शरीरातील विरघळलेल्या पदार्थांची पातळी समुद्राच्या पाण्याइतकी, किंबहुना किंचित जास्त राहते आणि पाणी गमावण्याची भीती उरत नाही. युरियामुळे प्रथिनांना इजा होऊ नये म्हणून दुसरे एक रसायनही त्यांच्या शरीरात असते. आतड्याच्या शेवटाशी असलेली एक ग्रंथी जादा मीठ बाहेर टाकते.

समुद्रात ही व्यवस्था उत्तम चालते, पण गोड्या पाण्यात तीच अंगाशी येते. बाहेर क्षार जवळपास नाहीत आणि आत भरपूर आहेत, त्यामुळे मनुकेप्रमाणे शरीरात पाणी घुसू लागते आणि मीठ बाहेर झिरपते. सर्वसाधारण शार्क अशा स्थितीत फार काळ टिकत नाही.

मग बुल शार्कला हे कसे जमते?

नदीत शिरताना बुल शार्क शरीराचा सारा कारभार बदलतो. रक्तातील युरियाचे प्रमाण मोठ्या प्रमाणावर घटते. मीठ बाहेर टाकणाऱ्या ग्रंथीचे काम मंदावते. मूत्रपिंडे भराभर काम करू लागतात आणि आत घुसलेले पाणी अतिशय पातळ मूत्राच्या रूपात बाहेर टाकतात. समुद्रात असताना जेवढे मूत्र तयार होते, त्याच्या कित्येक पट नदीत तयार होते. त्याच वेळी कल्ले पाण्यातले थोडेफार क्षार ओढून घेतात. समुद्रात परतल्यावर हे सारे उलट दिशेने होते.

इथे एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. दक्षिण अमेरिकेतल्या ॲमेझॉन खोऱ्यातील गोड्या पाण्यातील पाकट मासे शार्कचेच दूरचे नातलग आहेत. त्यांनी नदीत कायमचे बस्तान बसवले आणि युरिया साठवण्याची क्षमता गमावली. त्यांना आता समुद्राकडे परतता येत नाही. बुल शार्कने ती क्षमता सोडलेली नाही. नदीत असतानाही त्याच्या रक्तात बराच युरिया शिल्लक असतो. त्यामुळे समुद्राचा रस्ता त्याच्यासाठी उघडा राहतो, पण नदीत राहण्याची किंमत त्याला रोज ऊर्जेच्या रूपात मोजावी लागते.

हे शार्क नदीत किती आत जातात?

ॲमेझॉन नदीत थेट पेरू देशातील इकितोसपर्यंत, म्हणजे समुद्रापासून साडेतीन हजार किलोमीटरहून अधिक आत बुल शार्क आढळल्याची नोंद आहे. अमेरिकेत मिसिसिपी नदीत १९३७ मध्ये इलिनॉय राज्यातील आल्टन येथे एक पकडला गेला होता. आफ्रिकेत झांबेझी नदीमुळे त्याला झांबेझी शार्क असेच नाव पडले आहे.

मध्य अमेरिकेतील निकाराग्वा सरोवराची गोष्ट जास्त बोलकी आहे. या गोड्या पाण्याच्या सरोवरातील शार्क ही समुद्रापासून तुटलेली, स्वतंत्र प्रजाती आहे असे अनेक वर्षे मानले जात होते. १९६०च्या दशकात तो बुल शार्कच असल्याचे स्पष्ट झाले. त्यानंतर थॉमस थॉर्सन या अमेरिकी संशोधकाने माशांना खुणेच्या पट्ट्या लावल्या. तेव्हा हे शार्क सान हुआन नदीतील खळाळ पार करून कॅरिबियन समुद्र आणि सरोवर यांच्यात ये-जा करतात, हे सिद्ध झाले. पण १९७०च्या दशकात तिथे पर आणि मांसासाठी व्यापारी मासेमारी इतकी वाढली, की सरोवरातील शार्कची संख्या कोसळली. सरोवरात शिरण्याचा आणि बाहेर पडण्याचा रस्ता एकच होता आणि त्या रस्त्यावरच जाळी लागली होती.

ऑस्ट्रेलियात ब्रिस्बेनजवळच्या एका गोल्फ मैदानातील तळ्याचे उदाहरणही प्रसिद्ध आहे. १९९०च्या दशकातील पुरांत लोगन नदीचे पाणी मैदानात पसरले आणि सहा बुल शार्क तळ्यात आले. पूर ओसरल्यावर ते तिथेच अडकले आणि सुमारे १७ वर्षे त्या तळ्यात राहिले. वर्षानुवर्षे नदीबाहेर, समुद्राशी संपर्क नसताना हा मासा जगू शकतो, याचा तो पुरावा ठरला.

एवढे कष्ट घेऊन नदीत येतात कशाला?

मुख्य कारण पिल्ले. बुल शार्कची मादी दहा-अकरा महिन्यांच्या गर्भधारणेनंतर नदीमुखाजवळ किंवा खाडीत पिल्लांना जन्म देते. पिल्ले वर नदीच्या दिशेने सरकतात आणि आयुष्याची पहिली काही वर्षे कमी खाऱ्या पाण्यात काढतात. समुद्रातील मोठे शार्क लहान शार्कना खातात आणि ते नदीत येऊ शकत नाहीत. गढूळ पाणी, कांदळवनांच्या मुळांचा आडोसा आणि मुबलक लहान मासे यामुळे खाडी ही पिल्लांसाठी पाळणाघर ठरते. थोडक्यात, नदीत राहण्यासाठी लागणारी ऊर्जा ही सुरक्षित बालपणाची किंमत आहे.

मादीला प्रजननक्षम व्हायला अनेक वर्षे लागतात आणि एका वेळी जन्मणारी पिल्ले साधारण डझनभरच असतात. लाखो अंडी घालणाऱ्या बांगडा किंवा तारलीचे गणित शार्कला लागू होत नाही. पाळणाघर बिघडले, तर पुढची पिढीच तयार होत नाही.

‘गंगा शार्क’ हा वेगळा मासा आहे का?

होय. जगात शार्कच्या पाचशेहून अधिक प्रजाती आहेत. त्यांतील अगदी मोजक्या प्रजाती गोड्या आणि खाऱ्या अशा दोन्ही पाण्यांत वावरतात. बुल शार्क हा त्यांतला सर्वांत परिचित. दुसरा गट ‘ग्लायफिस’ कुळातील नदी शार्कचा. त्यात सध्या तीन प्रजाती मानल्या जातात. दोन ऑस्ट्रेलियाचा उत्तर भाग आणि पापुआ न्यू गिनी परिसरात आढळतात. तिसरी म्हणजे आपल्या उपखंडातील गंगा शार्क.

या प्रजातीचे शास्त्रीय वर्णन १८३९ मध्ये झाले. त्यानंतरच्या पावणेदोनशे वर्षांत तिचे खात्रीशीर नमुने हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच मिळाले. नाव गंगेचे असले, तरी हा मासा केवळ गंगेतला नाही. २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासातून बोर्निओ आणि म्यानमारमध्ये वेगळ्या मानलेल्या प्रजातीही याच असल्याचे दिसून आले. गंगा-हुगळीच्या पात्रात माणसांवर झालेल्या हल्ल्यांचे खापर दीर्घकाळ या माशावर फोडले गेले. प्रत्यक्षात त्यांतील अनेक हल्ले बुल शार्कचे असावेत, असे अभ्यासक मानतात. दोघांची ठेवण इतकी सारखी आहे, की एकाची बदनामी दुसऱ्याच्या नावावर चढली.

मुंबईच्या ससून डॉकशी याचा संबंध काय?

फेब्रुवारी २०१६ मध्ये ससून डॉकवर उतरवलेल्या मासळीत अभ्यासकांना गंगा शार्कची एक मादी आढळली. तिची लांबी २६६ सेंटिमीटर होती. अरबी समुद्रातील या नोंदीवरचा शोधनिबंध २०१८ मध्ये मत्स्यजीवशास्त्राच्या एका आंतरराष्ट्रीय नियतकालिकात प्रसिद्ध झाला. आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाच्या लाल यादीत ‘अतिसंकटग्रस्त’ असलेला, शास्त्रज्ञांना क्वचितच पाहायला मिळालेला हा मासा मुंबईच्या बाजारात इतर मासळीबरोबर आला होता. त्या वेळी ओळखणारे कोणी तिथे हजर होते, म्हणून त्याची नोंद झाली. अन्यथा तो ‘मोरी’ किंवा ‘मुशी’ म्हणूनच कापला गेला असता.

या नोंदीमुळे महाराष्ट्रापुढे थेट प्रश्न उभा राहतो. गंगा शार्क अरबी समुद्रात असेल, तर त्याच्या पिल्लांना वाढण्यासाठी नदीमुखे आणि खाड्याच लागणार. म्हणजे पश्चिम किनाऱ्यावरच्या खाड्यांचा विचार केवळ जेट्टी, पूल आणि वाळूचे पट्टे म्हणून करून भागणार नाही.

कायदा काय सांगतो? आणि तो कुठे अडतो?

वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२च्या पहिल्या अनुसूचीत गंगा शार्कचा समावेश २००१ मध्ये झाला. म्हणजे कागदावर त्याला वाघाइतकेच संरक्षण आहे. २०२२च्या दुरुस्तीनंतर या अनुसूचीतील प्राण्यांच्या शिकारीसाठी किमान तीन आणि कमाल सात वर्षे कैद, तसेच किमान २५ हजार रुपये दंडाची तरतूद आहे. शार्कचे पर कापून उरलेला मासा पाण्यात फेकण्यावर २०१३ मध्ये आणि परांच्या निर्यातीवर २०१५ मध्ये केंद्राने बंदी आणली. नोव्हेंबर २०२२ मध्ये पनामा येथील आंतरराष्ट्रीय वन्यजीव व्यापार परिषदेत बुल शार्क आणि नदी शार्क ज्या कुटुंबात मोडतात, त्या संपूर्ण कुटुंबाच्या व्यापारावर परवान्याची अट घालण्यात आली. बुल शार्क लाल यादीत ‘असुरक्षित’ गटात आहे, पण देशांतर्गत त्याला गंगा शार्कसारखे कडक संरक्षण नाही.

अडचण सुरू होते ती बोटीवर. ट्रॉलर किंवा मोठ्या जाळ्यात शार्क मुद्दाम पकडला जात नाही, तो इतर मासळीबरोबर येतो. जाळे वर ओढले जाईपर्यंत तो बहुधा मेलेला असतो. हा मासा बुल शार्क की गंगा शार्क, हे तांडेलाने डोलणाऱ्या बोटीवर कसे ओळखायचे? फरक आहेत, पण बारीक. बुल शार्कचा पाठीवरचा दुसरा पर पहिल्याच्या साधारण एक तृतीयांश उंचीचा असतो, गंगा शार्कचा सुमारे निम्म्या उंचीचा. गंगा शार्कचे डोळे फारच लहान आणि खालचे पुढचे दात भाल्यासारखे अरुंद असतात. समजा, तांडेलाने तो ओळखला. तरी गुन्हा आपल्यावरच येईल या भीतीने तो गप्प राहण्याचीच शक्यता जास्त. अशा वेळी संरक्षित प्रजातीची माहिती कायद्याच्या धाकानेच दडून बसते.

मासेमारीशिवाय आणखी कोणते धोके आहेत?

खोल समुद्रातल्या शार्कला नदीवरच्या धरणाशी काही देणेघेणे नसते. नदी शार्कला ते असते. १९७५ मध्ये सुरू झालेल्या फराक्का बंधाऱ्याने गंगेतील हिल्सा माशाचा वरच्या पात्राकडे जाण्याचा मार्ग अडला, हे सर्वज्ञात आहे. वर-खाली प्रवास करणाऱ्या कोणत्याही मोठ्या माशासाठी असा बंधारा म्हणजे भिंतच.

वैतरणेचेच पाहा. मोडकसागर, अप्पर वैतरणा आणि २०१४ पासून मध्य वैतरणा, अशी या नदीवरची धरणे मुंबईची तहान भागवतात. वर पाणी साठले की खाली येणारा गोड्या पाण्याचा ओघ घटतो आणि खाडीतला खारेपणा बदलतो. त्यात यंत्रांनी होणारा वाळूउपसा, कांदळवनांवरील भराव, सांडपाणी आणि कारखान्यांचे पाणी यांची भर पडते. मुंबईकरांच्या नळाला येणारे पाणी आणि मनोरच्या पात्रात फिरणारा शार्क हे एकाच नदीचे दोन भाग आहेत. दोन्ही पाण्यांत जगण्याची क्षमता या माशाला हजारो किलोमीटर आत घेऊन गेली. त्याच क्षमतेने त्याला माणसाच्या वस्तीशेजारी, धरणाखाली आणि जाळ्यांच्या तोंडाशीही आणून ठेवले.

मग घाबरायचे की नाही?

बुल शार्क धोकादायक आहे, यात शंका नाही. पांढरा शार्क आणि वाघशार्क यांच्याबरोबर माणसांवरील हल्ल्यांत त्याचे नाव आघाडीवर असते. त्याचे एक कारण त्याची ताकद आणि दुसरे म्हणजे पाण्याची जागा. उथळ, गढूळ आणि माणसांचा वावर असलेल्या पाण्यात तो असतो. गढूळ पाण्यात भक्ष्य ओळखण्यात गफलत होऊ शकते.

पण आकडेही पाहायला हवेत. फ्लोरिडातील आंतरराष्ट्रीय शार्क हल्ला नोंदवहीनुसार २०२४ मध्ये संपूर्ण जगात माणसाने डिवचलेले नसताना शार्कने चावल्याच्या ४७ घटनांची नोंद झाली. भारतातील कोणत्याही एका मोठ्या शहरात एका वर्षात कुत्रे चावण्याच्या घटना याच्या कित्येक पट असतात. दुसऱ्या बाजूला, १९७० नंतरच्या अर्धशतकात खुल्या समुद्रातील शार्क आणि पाकटांची संख्या ७१ टक्क्यांनी घटल्याचे २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जागतिक अभ्यासात आढळले.

ज्या खाडीत भरतीचे पाणी आत येते, तिथे काही साधी पथ्ये पाळता येतात. पहाटे आणि तिन्हीसांजेला, तसेच पूर ओसरत असताना गढूळ पाण्यात उतरू नये. मासळी साफ केलेली घाण जिथे टाकली जाते, तिथे पोहू नये. रक्तस्राव होणारी जखम असल्यास पाण्यापासून दूर राहावे. पाण्यात शार्क दिसल्यास दगड मारू नयेत किंवा चित्रफितीसाठी जवळ जाऊ नये. वन विभाग किंवा मत्स्यव्यवसाय विभागाला कळवावे. चावा बसलाच, तर जखमी व्यक्तीला पाण्याबाहेर काढून जखमेवर घट्ट दाब देत रक्तस्राव थांबवणे हे पहिले काम.

उपाय काय?

महाराष्ट्रात एक पायवाट आधीच तयार आहे. जाळ्यात अडकलेली संरक्षित सागरी प्रजाती मच्छीमाराने जाळे कापून सोडली, तर फाटलेल्या जाळ्यासाठी २५ हजार रुपयांपर्यंत भरपाई देणारी योजना कांदळवन कक्ष आणि मत्स्यव्यवसाय विभागाने २०१८च्या अखेरीस सुरू केली. कासवे, डॉल्फिन आणि देवमाशाएवढा वाढणारा व्हेल शार्क यांना तिचा लाभ झाला. गुजरातमध्येही दोन दशकांच्या मोहिमेनंतर एकेकाळी तेलासाठी मारला जाणारा व्हेल शार्क मच्छीमार स्वतःहून सोडून देतात. माहेरी आलेली लेक म्हणून त्याचा स्वीकार झाला आहे.

नदी शार्कची अडचण अशी, की तो व्हेल शार्कसारखा निरुपद्रवी दिसत नाही आणि जाळ्यात आला तर बहुधा जिवंत नसतो. त्यामुळे केवळ ‘सोडा आणि भरपाई घ्या’ पुरेसे नाही. मेलेला दुर्मीळ मासा बंदरावर आणून प्रामाणिकपणे नोंदवणाऱ्याला गुन्ह्याची भीती वाटू नये, अशी व्यवस्था लागेल. ससून डॉकसारख्या मोठ्या बंदरांवर ओळखतक्ते आणि प्रशिक्षित माणसे लागतील. खाड्यांमध्ये लहान शार्क कोणत्या महिन्यात, कुठे मिळतात हे कोळी बांधवांना पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. ती माहिती विचारून नोंदवून घेतली, तर पाळणाघरे कुठे आहेत हे कळेल. त्या ठरावीक पट्ट्यांत ठरावीक काळ जाळी आणि वाळूउपसा थांबवणे हे संपूर्ण किनाऱ्यावर बंदी घालण्यापेक्षा सोपे आणि न्याय्य ठरेल.

मनोरच्या घटनेत एक तरुण गंभीर जखमी झाला आणि मासाही मेला. दोघेही त्या दिवशी एकाच पाण्यात होते. तिथे शार्क येऊ शकतो, याची सूचना देणारा फलक पात्राकाठी असणे हा उपाय माणसाला जितका उपयोगी आहे, तितकाच शार्कलाही.